कासरा कोणाच्या हातात? परकीय चलनाचा व्यवहार आणि शरीअत

पौष पौर्णिमेला मुरबाड-कर्जत रस्त्यावरील म्हसा या गावी खांबलिंगेश्वराची यात्रा भरते. यात्रा हिंदू बांधवांच्या श्रद्धेची. परंतु तिच्यासोबत भरणारा बैलबाजार साऱ्या पंचक्रोशीचा आहे. माझे वडील बैलांसाठी आणि घोंगड्यांसाठी दरवर्षी तेथे जात, आणि मला बरोबर नेत. आज घरी बैल नाहीत, तरी माझी बाजारात एक फेरी होतेच.

गेल्या खेपेस माझा भाचा सोबत होता. वय बावीस, मुरबाड-कल्याण रस्त्यावर टेम्पो चालवितो, नमाजाचा पाबंद आहे. एका खिल्लारी जोडीपाशी आम्ही थांबलो होतो. घेणाऱ्याने बैलाचा ओठ वर करून दात पाहिले, खांद्यावर हात फिरविला, चार पावले चालवून पाहिले. मग दलालाने उपरण्याखाली बोटे धरली आणि भाव ठरू लागला. तेवढ्यात भाच्याने खिशातून मोबाईल काढला आणि हसत म्हणाला, "मामू, तुम्ही ज्या जोडीचा भाव पाहताय, तशी एक जोडी माझ्याकडेही आहे." पडद्यावर युरो आणि डॉलर यांची जोडी होती. लाल-हिरव्या कांड्या वरखाली होत होत्या.

त्याने अठरा हजार रुपये भरले होते. पडद्यावर सत्तावीस हजार दिसत होते. त्याचे वडील कुवेतला आहेत. त्यांनी पाठविलेल्या पैशांतून माझ्या बहिणीने उमराहसाठी ऐंशी हजार रुपये बाजूला ठेवले आहेत. ते सहा महिन्यांसाठी मागून घ्यावेत आणि दुप्पट करून आईच्या हाती द्यावेत, असा त्याचा बेत होता. आईची अट एकच होती: मामूला विचार, हे हलाल आहे का? त्यानेही आपल्या परीने चौकशी केली होती. "कंपनीचे इस्लामिक अकाउंट आहे. व्याज लागत नाही," असे तो म्हणाला.

मला त्या क्षणी उत्तर देता आले नाही. 'हराम' हा शब्द तोंडावर आला होता. परंतु कारण सांगता येत नसताना तो शब्द उच्चारणे हीसुद्धा जबाबदारीची गोष्ट आहे. अल्लाहने जे वैध केले त्यास अवैध म्हणण्याचा अधिकार कोणालाही नाही. म्हणून मी त्याला थांबण्यास सांगितले आणि पुढील काही आठवडे या विषयाचे वाचन केले, जाणकार उलेमांना विचारले. आमच्या भागातील अनेक घरांत आज हाच प्रश्न विचारला जात असल्याने ते सारे येथे मांडत आहे.

प्रथम एक गोष्ट स्पष्ट व्हावी. एका चलनाच्या बदल्यात दुसरे चलन देणे-घेणे इस्लाममध्ये निषिद्ध नाही. फिक्हच्या ग्रंथांत 'सर्फ' नावाचे स्वतंत्र प्रकरण आहे, आणि सराफाचा व्यवसाय मदीनेच्या बाजारात चालत असे. आपल्या कोकणी आणि देशावरच्या मुस्लिम घरांना तर या व्यवहाराची पिढ्यान् पिढ्या ओळख आहे. १९६६ सालापूर्वी आखातातील अनेक राज्यांत भारतीय रुपयाच चालत असे. तेथे नोकरीस गेलेल्या आपल्या आजोबांना चलन बदलण्याची फारशी गरज पडत नसे. त्या वर्षी जूनमध्ये रुपयाचे अवमूल्यन झाले, डॉलरचा दर ४ रुपये ७६ पैशांवरून साडेसात रुपयांवर गेला, आणि त्या राज्यांनी रुपयाची साथ सोडली. तेव्हापासून दिरहम-रियालचे रुपये करणे हा आपल्या घरखर्चाचाच भाग झाला आहे. त्यात काही दोष नाही.

मात्र या व्यवहाराला पैगंबर मुहम्मद (स.) यांनी एक कठोर अट घातली आहे. हजरत उबादा बिन सामित (रजि.) यांच्या प्रसिद्ध हदीसचा आशय असा की, सोन्याचा सोन्याशी आणि चांदीचा चांदीशी विनिमय समसमान व हातोहात व्हावा, प्रकार भिन्न असतील तर भाव हवा तो ठरवावा, परंतु देणेघेणे हातोहातच झाले पाहिजे. आजच्या कागदी चलनाला हाच नियम लागू होतो, यावर इस्लामी परिषदेच्या फिक्ह अकादमीने १९८६ मध्ये निर्णय दिला आहे. म्हणजे डॉलर आणि रुपया हे भिन्न प्रकार. दर कोणताही असो, उधारी चालणार नाही.

ही अट किती बारकाईने पाळली जात असे, याचे एक उदाहरण बुखारी व मुस्लिम या दोन्ही संग्रहांत आहे. मालिक बिन औस यांना शंभर दीनारांचे दिरहम करून हवे होते. हजरत तलहा (रजि.) तयार झाले, त्यांनी सोने हातात घेऊन उलटसुलट करून पाहिले आणि म्हणाले की, खजिनदार रानातून परत येईपर्यंत थांबा. हजरत उमर (रजि.) तेथे होते. त्यांनी मालिक यांना बजावले की, मोबदला हाती पडल्याशिवाय यांना सोडून जाऊ नका. विचार करा: तलहा (रजि.) हे स्वर्गाची सुवार्ता मिळालेल्या दहा सहाबांपैकी एक, बुडविण्याचा प्रश्नच नव्हता, उशीर झालाच तर काही घटकांचा. तरीही उधारी नको.

दुसरे उदाहरण म्हशाच्या बाजाराला अधिक जवळचे आहे. हजरत अब्दुल्लाह बिन उमर (रजि.) उंटांचा व्यापार करीत. किंमत दीनारांत ठरे आणि कधी त्याऐवजी दिरहम घ्यावे लागत. अबू दाऊद यांच्या संग्रहातील कथनानुसार, त्यांनी याविषयी पैगंबरांना (स.) विचारले तेव्हा उत्तर मिळाले की, त्या दिवसाच्या दराने घेतल्यास आणि एकमेकांपासून विलग होताना काही बाकी न राहिल्यास हरकत नाही. दोन चलने, बाजारातील चढउतार, गुरांचा सौदा, सर्व काही येथे आहे. पैगंबरांनी (स.) व्यापार थांबविला नाही, फक्त बाकी राहू दिली नाही.

आता भाच्याच्या मोबाईलकडे पाहू. तेथे प्रत्यक्ष काय घडते?

त्याने अठरा हजार भरले. कंपनीने त्याला शंभर पटीची उचल दिली, जिला लिव्हरेज म्हणतात. म्हणजे अठरा हजारांच्या बळावर तो अठरा लाखांचा सौदा करू शकतो. युरो एक टक्का वर गेला तर अठरा हजारांचे छत्तीस हजार होतात. एक टक्का खाली गेला तर सारी रक्कम संपते. किंबहुना त्याआधीच कंपनी सौदा आपोआप बंद करते. या जोडीत एक टक्क्याची हालचाल एक-दोन दिवसांत सहज होऊ शकते. टेम्पोचे डिझेल भरून कल्याणहून परत येईतो भांडवल शून्य झालेले असेल.

मी त्याला विचारले, "तू युरो घेतलेस, ते कोठे आहेत?" तो म्हणाला, "अकाउंटमध्ये." मी म्हणालो, "मग त्यातून दहा युरो कुवेतला बाबांना पाठव." ते शक्य नव्हते. तेथे युरो नाहीतच. कंपनी आणि तो यांच्यात फक्त भावातील फरकाचा करार आहे. भाव वाढला तर कंपनी त्याला फरक देणार, घटला तर तो कंपनीला. अनेक कंपन्यांमध्ये सौद्याची दुसरी बाजू कंपनी स्वतःच असते. भाचा हरला की तिचा नफा. म्हशाच्या दलालालाही दोन्हीकडून दलाली मिळते, पण बैल लंगडा निघावा अशी इच्छा धरण्याचे त्याला कारण नसते.

येथे एक आक्षेप येतो आणि तो रास्त आहे. आजच्या काळात प्रत्येक नोट हातात घेऊनच व्यवहार करावा का? नाही. खात्यावर झालेली नोंद ही प्रत्यक्ष ताब्यासमान मानावी, असे फिक्ह अकादमीने १९९० मध्ये मान्य केले आहे. म्हणून एखाद्याने स्वतःच्या संपूर्ण रकमेने, बँकेमार्फत, उधारी व व्याजाविना परकीय चलन विकत घेतले आणि ते त्याच्या खात्यात खरोखर जमा झाले, तर तो 'सर्फ' वैध आहे, असे अनेक विद्वान म्हणतात. परंतु ज्या नोंदीतून चलन काढता येत नाही, दुसऱ्यास देता येत नाही, ज्यावर जकात कोणत्या चलनात द्यावी हेही सांगता येत नाही, ती ताब्याची नोंद नव्हे. ती केवळ पैजेची नोंद आहे.

आता 'इस्लामिक अकाउंट'. साध्या खात्यात सौदा रात्रभर खुला राहिला की दोन्ही चलनांच्या व्याजदरांतील फरक खात्यात जमा होतो किंवा कापला जातो. त्याला स्वॅप म्हणतात. ते उघड व्याज आहे. मुस्लिम ग्राहक यामुळे कचरतात हे ओळखून कंपन्यांनी स्वॅपविरहित खाते काढले. व्याज काढले आणि त्याजागी बहुधा 'प्रशासकीय शुल्क' लावले, किंवा खरेदी-विक्रीच्या दरांतील अंतर वाढविले. नाव बदलल्याने वस्तू बदलत नाही. पण समजा, कंपनीने खरोखरच एक पैसाही घेतला नाही. तरीसुद्धा ही उचल हे कर्ज आहे आणि ते अशा अटीवर दिलेले आहे की ऋणकोने सर्व सौदे धनकोमार्फतच करावेत, ज्यातून धनकोला दलाली मिळेल. कर्ज आणि सौदा एकमेकांत गुंतवून कर्जाचा लाभ घेण्यास शरीअतमध्ये मनाई आहे. याच कारणांवरून मक्का येथील फिक्ह परिषदेने २००६ मध्ये मार्जिनवरील व्यवहार अवैध ठरविला. मलेशियाच्या राष्ट्रीय फतवा समितीने २०१२ मध्ये व्यक्तींनी ऑनलाइन मंचांवर केलेल्या चलनव्यवहाराविषयी तोच निर्णय दिला. ज्या खात्यावर 'इस्लामिक' अशी पाटी आहे, त्या पाटीखाली कोणत्या मुफ्तीची सही आहे, हे विचारण्याचे भाच्याला सुचले नव्हते. मलाही आधी सुचले नव्हते.

माझ्या मते मात्र व्याजापेक्षा खोल प्रश्न दुसराच आहे. भाच्याने तो मांडलाही होता. तो म्हणाला, "मामू, धोका तर सगळ्यातच आहे. आजोबांनी भात लावले तेव्हा पावसाची खात्री होती का? बैल घेणाऱ्याला तरी खात्री आहे का?" हा प्रश्न टाळून चालणार नाही.

शेतकऱ्याचा धोका आणि हा धोका यांत फरक आहे. पाऊस पडला नाही तर शेतकऱ्याचे नुकसान होते; पडला तर जगात दहा पोती भात अधिक येते. त्याचा लाभ कोणाचे काही हिरावून झालेला नसतो. बैल घेणारा बैलाच्या आजाराची, वैरणीची, मरणाची जबाबदारी स्वतःवर घेतो. कासरा हाती आला की जोखीम त्याची; म्हणून त्या बैलाच्या श्रमाचा लाभही त्याचा. पैगंबरांनी (स.) हजरत हकीम बिन हिजाम (रजि.) यांना जवळ नसलेली वस्तू विकण्यास मना केले, तसेच जिची जबाबदारी उचलली नाही तिच्यावर नफा घेण्यासही मनाई आहे. धोका पत्करणे हे व्यापाराचे अंग आहे. धोक्याचाच व्यापार करणे म्हणजे जुगार. भाच्याच्या सौद्यात कोणाला धान्य मिळत नाही, कोणाचे ओझे वाहिले जात नाही. त्याला जे मिळते ते दुसऱ्याने गमावलेले असते, आणि मधून कंपनीचा वाटा दरवेळी वजा होतो.

यावर अर्थशास्त्र शिकलेला वाचक म्हणेल की, सट्टेबाजांमुळे बाजारात उलाढाल राहते आणि खऱ्या निर्यातदारास योग्य भाव मिळतो. यात थोडे तथ्य आहे. पण बँक फॉर इंटरनॅशनल सेटलमेंट्सच्या गणनेनुसार एप्रिल २०२२ मध्ये जगात रोज साडेसात लाख कोटी डॉलरांची चलन-उलाढाल होत होती. त्या महासागराला मुरबाडच्या एका टेम्पोचालकाच्या अठरा हजारांची गरज होती, असे मानणे कठीण आहे. शिवाय त्याचा सौदा बहुधा त्या सागरापर्यंत पोहोचतच नाही, कंपनीच्या संगणकावरच थांबतो. जुगारात काही फायदा आहे हे कुरआननेही नाकारलेले नाही. त्यातील पाप फायद्याहून मोठे आहे, एवढेच सांगितले आहे. मला हे विधान फार महत्त्वाचे वाटते, कारण 'थोडा तर फायदा होतोच' या युक्तिवादाला ते आधीच उत्तर देते.

इमाम गजाली (रह.) यांनी 'इह्या' या ग्रंथात पैशाला आरशाची उपमा दिली आहे: आरशाला स्वतःचा रंग नसतो, पण त्यात सर्व रंग दिसतात. पैशाने वस्तूंचे मोल दाखवावे; तो स्वतःच वस्तू होऊन बसला की त्याचे काम थांबते. बैलाचा भाव पैशात कळतो. पैशाचा भाव पैशात लावून बसणारा दोन आरसे समोरासमोर ठेवून मध्ये काय दिसते ते पाहत बसतो.

एक आनुषंगिक शंका एका वाचकाने मला विचारली होती: उपरण्याखाली बोटांनी ठरणारा भाव हा 'गरर' नव्हे का? नाही. बघ्यांना भाव कळत नाही, पण घेणारा आणि देणारा दोघांनाही तो पक्का ठाऊक असतो. गरर म्हणजे सौदा करणाऱ्यालाच सौदा न कळणे. पडद्यावर सारे आकडे उघडे असून भाच्याला आपण कोणाकडून काय घेतले हे सांगता येत नव्हते.

देशाच्या कायद्याकडेही पाहणे भाग आहे, कारण करार पाळणे ही श्रद्धावंताची खूण आहे आणि ज्या देशात आपण राहतो त्याच्या कायद्याशी आपला करारच असतो. १९९९ च्या परकीय चलन व्यवस्थापन कायद्यानुसार भारतात राहणाऱ्यास केवळ अधिकृत व्यक्ती व मान्यताप्राप्त शेअर बाजारांमार्फतच असा व्यवहार करता येतो. परदेशी कंपनीकडे मार्जिन म्हणून पैसे पाठविण्यास परवानगी नाही. उल्लंघन झाल्यास गुंतलेल्या रकमेच्या तिपटीपर्यंत दंड होऊ शकतो. रिझर्व्ह बँकेने सप्टेंबर २०२२ मध्ये ३४ अनधिकृत मंचांची सावधगिरीची यादी प्रसिद्ध केली आणि पुढे ती वाढत गेली. यादीत नाव नाही म्हणजे कंपनी अधिकृत झाली असे नव्हे, हेही बँकेने स्पष्ट केले आहे. मुंबईच्या राष्ट्रीय शेअर बाजारात ऑगस्ट २००८ पासून डॉलर-रुपयाचे वायदे होतात. पण मे २०२४ पासून, ज्याचे खरोखर परकीय चलनातील येणे किंवा देणे आहे त्यालाच त्या जोखमीपुरते रुपयाचे वायदे करण्याची मुभा राहिली आहे. वायद्यात तर देणे आणि घेणे दोन्ही पुढे ढकललेली असतात, म्हणून कायद्याने वैध असले तरी 'सर्फ'च्या कसोटीवर ते उतरत नाहीत. तरीही रिझर्व्ह बँकेने हिशेबाच्या कारणासाठी आणलेली अट पाहून मी थबकलो: हातात खरे येणे-देणे असेल तरच या बाजारात या.

आकडेही बोलतात. युरोपच्या बाजार नियामकाने २०१८ मध्ये नोंदविले की, अशा फरकाच्या करारांत ७४ ते ८९ टक्के किरकोळ खातेदार तोट्यात जातात. आपल्याकडे सेबीने सप्टेंबर २०२४ मध्ये सांगितले की, शेअर बाजाराच्या वायदे व्यवहारांत तीन वर्षांत ९३ टक्के व्यक्तींना तोटा झाला. आणि १५ जानेवारी २०१५ रोजी स्विस मध्यवर्ती बँकेने युरोशी बांधलेला दर अचानक सोडला, तेव्हा काही मिनिटांत जगभरच्या छोट्या सौदागरांचे भांडवल तर गेलेच, उलट कित्येक जण कंपनीचे देणेकरी ठरले. तरी मी हे आकडे भाच्यासमोर शेवटी ठेवले. १०० पैकी ९० जण जिंकत असते तरी माझे उत्तर बदलले नसते. आणि तोट्याच्या भीतीने हराम सोडणारा नफा दिसताच परत जातो.

पुढे काय झाले तेही सांगतो. बहिणीचे ऐंशी हजार जागच्या जागी राहिले. भाच्याने स्वतःचे पैसे परत मागितले. तेव्हा त्याच्या मनात प्रश्न होता की पडद्यावरील नऊ हजार नफ्याचे काय करावे. उलेमांचे उत्तर सरळ होते: मूळ भांडवल तुझे, ते परत घे, वरची रक्कम हाती आली तर पुण्याची अपेक्षा न ठेवता गरजूला देऊन टाक. परंतु तो प्रश्न उद्भवलाच नाही. कंपनीने कळविले की पैसे काढण्यापूर्वी वीस टक्के कर भरा. मी त्याला एक पैसाही भरू दिला नाही. १९३० या क्रमांकावर तक्रार नोंदविली. अठरा हजारांपैकी अद्याप काही परत आलेले नाही.

एक गोष्ट मात्र त्याने मला उशिरा सांगितली. 'तीन मित्र आणा' या योजनेत त्याने दोन मित्रांना खाते उघडून दिले होते, आणि त्याबद्दल त्याच्या खात्यावर थोडी दलाली जमा झाली होती. दोघांचे मिळून अकरा हजार गेले. त्या दोघांनी स्वखुशीने पैसे भरले होते. कायद्याने त्यांची भरपाई करणे त्याच्यावर येत नाही. ज्या मुफ्तीसाहेबांना आम्ही विचारले त्यांनी म्हटले की, त्याने जाणूनबुजून फसविले नसल्याने भरपाई त्याच्यावर वाजिब नाही, मात्र दोघांची माफी मागणे आणि त्यांना सत्य सांगणे आवश्यक आहे. तो दोघांच्याही घरी गेला. एकाने माफ केले. दुसऱ्याचे सहा हजार तो दर आठवड्याला टेम्पोच्या भाड्यातून पाचशे-पाचशे करून देत आहे. मी त्याला म्हणालो की हे तुझ्यावर बंधनकारक नाही. तो म्हणाला, "मामू, मला ठाऊक आहे," आणि शुक्रवारची नमाज आटोपून त्या मित्राच्या गावाकडे निघाला.